पाचवी, बारसं आणि मार्गरीत

पत्र, थोडक्यात: वाचक मूळची साताऱ्याची, गेली सात वर्षं फ्रान्समध्ये ल्यों शहरात राहते. नवरा फ्रेंच. सातवा महिना चालू आहे आणि मुलगी होणार हे कळलेलं आहे. नवऱ्याची आजी गेल्या वर्षी वारली. तिचं नाव मार्गरीत. बाळाचं नाव तेच ठेवायचं असं तो आजीच्या अंत्यविधीलाच बोलून गेला आणि तेव्हापासून घरात ते ठरल्यातच जमा आहे. वाचकाने मीरा, लीला, तारा अशी तीन नावं सुचवली होती. ती 'छान आहेत' म्हणून बाजूला पडली. ऑफिसातली मैत्रीण नाव ऐकून हसली, म्हणाली, 'हे तर गाईचं नाव!' साताऱ्याहून आई म्हणाली, 'मार्गारेट? ख्रिश्चन नाव? आणि पत्रिका बघायच्या आधीच?' आईच्या मते नाव बाराव्या दिवशी, बारशाला ठेवतात. तिथला कायदा पाच दिवस देतो. पत्राचा शेवट असा: 'ताई, या नावाचा खरा अर्थ काय? ते ठेवण्यासारखं आहे का?'

प्रिय साताऱ्याच्या लेकी,

सव्वीस वर्षं पुण्यात फ्रेंच शिकवलं, त्यामुळे अर्थाचं आधी सांगून टाकते. नाहीतर पुढचं वाचताना तुझं लक्ष तिकडेच राहायचं.

मार्गरीत म्हणजे मोती. ग्रीकमध्ये मार्गारितेस, लॅटिनमध्ये मार्गारिता, तिथून फ्रेंचमध्ये. पण ग्रीकांनी तरी हा शब्द कुठून आणला? पूर्वेकडून, इराणी भाषांतून. फारसीत मोत्याला आजही मरवारीद म्हणतात, आणि त्याचं नातं आपल्या संस्कृत 'मञ्जरी'शी जोडणारे अभ्यासक आहेत. सगळ्यांना ते पटलेलं नाही, म्हणून मी छातीठोक सांगणार नाही. तरी एवढं नक्की की ज्या नावाला तू पत्रात तीन वेळा 'पक्कं फ्रेंच' म्हटलं आहेस, ते मोत्यांच्या व्यापाऱ्यांबरोबर पूर्वेकडून चालत फ्रान्सला गेलेलं आहे. तुझ्यासारखंच.

दुसरा अर्थ फुलाचा. पांढऱ्या पाकळ्या, मधे पिवळा गोंडा. उन्हाळ्यात तिथल्या कुरणांत आणि रस्त्याकडेला ही फुलं तू पाहिलीच असशील. आपल्या शेवंतीच्याच कुळातली. फ्रेंच मुलं या फुलाची एकेक पाकळी तोडत 'तो माझ्यावर प्रेम करतो का' हा खेळ खेळतात. इंग्रजीत या खेळाला दोनच उत्तरं, करतो किंवा नाही करत. फ्रेंचमध्ये पाच: थोडंसं, खूप, जीव तोडून, वेड्यासारखं, अजिबात नाही. वर्गात हे सांगितलं की पोरं खूश व्हायची आणि 'जीव तोडून' आणि 'वेड्यासारखं' यांत नेमका फरक काय यावर अर्धा तास जायचा. मला तर हे नाव आवडण्याचं निम्मं कारण ते फूलच आहे.

आता उच्चार. मार्गारेट नाही, आणि पिझ्झ्यासारखं मार्गारीटाही नाही. शेवटचा स्वर गिळायचा, मधला जेमतेम ऐकू येईल इतका, आणि शेवटी आपला दंत्य 'त'. फ्रेंचांचा त आपल्या 'तळ्या'तला आहे, 'टाळी'तला नाही. मार्गरीत. साताऱ्यात या नावाचं काय होईल तेही सांगते: मार्ग आणि रीत असे दोन सरळ मराठी शब्द कानावर पडतील, आठवड्याभरात 'मार्गी' होईल, आणि तुझा एखादा काका 'काय, पोरगी मार्गी लागली म्हणायची!' हा विनोद दर भेटीत करेल. तयारी ठेव.

गाईचं म्हणशील तर मैत्रीण खोटं बोललेली नाही. मार्गरीत हे फ्रान्समध्ये गाईचं ठरलेलं नाव आहे, गोष्टींत आणि विनोदांत हमखास येणारं. युद्धकैदी असलेला एक फ्रेंच माणूस मार्गरीत नावाची गाय दोरीला धरून जर्मनीतून पळ काढतो असा एक चित्रपट १९५९ मध्ये तिकडे प्रचंड गाजला, आणि तेव्हापासून तर ती गाय घराघरात पोचली. पण आपल्या गोठ्यात डोकावून बघ की. लक्ष्मी, गंगा, गौरी. म्हणून कुणी मुलीचं नाव गौरी ठेवायचं थांबलं? आणि नंदिनी तर मूळचीच गाय, वसिष्ठांच्या आश्रमातली. मैत्रिणीला पुढच्या वेळी हे ऐकव. तिला हसू दे. असल्या हसण्याचं आयुष्य कमी असतं. शाळेत पाच-सहा वर्षांचं पोर एकदा चिडवेल, आणि तोवर वर्गात याहून चिडवण्याजोगी दहा नावं असतील.

खरं तर ती हसली गाईसाठी नाही, वयासाठी, असा माझा अंदाज आहे. नाव ऐकल्यावर माणूस शब्दकोश उघडत नाही, त्याच्या डोळ्यांसमोर एक चेहरा येतो. १९०० च्या आसपास फ्रान्समध्ये मुलींना सर्वांत जास्त ठेवल्या जाणाऱ्या नावांत मारी आणि जान यांच्या पंगतीला मार्गरीत होतं. मग ते ओसरलं. आज तिशी-चाळिशीतल्या फ्रेंच बाईला मार्गरीत म्हटलं की विणकाम करणारी, फळांचा मुरांबा करणारी पणजी दिसते. आपल्याकडे अनसूया म्हटल्यावर जे दिसतं, तेच. पण आपल्याकडे रमा, जानकी परत आल्या की नाही? तिकडेही लुईझ, जान, रोझ, आलीस अशा एकेकाळच्या आज्या बालवाडीत परतल्या आहेत. मार्गरीतही परतते आहे, जरा सावकाश. आईवडिलांच्या पिढीचं नाव जुनाट वाटतं, पणजीचं पुन्हा ताजं, हा खेळ दोन्हीकडे सारखाच.

आणि पणजी म्हणजे फक्त मुरांबा नव्हे. नवऱ्याला माहीत नसेल तर तूच त्याला सांग: मार्गरीत पेरे ही मारी क्युरींच्या प्रयोगशाळेत मदतनीस म्हणून लागलेली मुलगी, तिने १९३९ मध्ये फ्रान्सियम हे मूलद्रव्य शोधलं. ज्या विज्ञान अकादमीने १९११ मध्ये खुद्द मारी क्युरींना दार लावून घेतलं होतं, तिच्यात निवडून गेलेली पहिली बाई हीच, १९६२ मध्ये. भाषेची जी दुसरी मोठी अकादमी, १६३५ पासूनची, तिच्यात साडेतीनशे वर्षांच्या जवळपास एकही बाई नव्हती. १९८० मध्ये पहिली निवडून आली ती मार्गरीत युर्सनार. दोन अकादम्या, दोन्हींत पाऊल ठेवणारी पहिली बाई मार्गरीत. आणखी मागे गेलीस तर सोळाव्या शतकातली मार्गरीत द नाव्हार, राजाची बहीण, स्वतः लेखिका. १५४७ मध्ये तिच्या कविता छापल्या गेल्या तेव्हा शीर्षकातच मार्गरीत या शब्दावर श्लेष होता, मोतीही आणि तिचं नावही. गाईच्या नावाला एवढं पुरे.

आईकडे वळू. 'ख्रिश्चन नाव' म्हणाल्या, ते बरोबरच आहे, आणि ते गुळमुळीत करून सांगू नकोस. 'तसं काही नसतं गं आई' म्हटलंस तर त्यांना वाटेल की लपवण्यासारखं काहीतरी आहे. उलट पूर्ण गोष्ट सांग. अँटिओकची संत मार्गरीत: कथेप्रमाणे तिला एका अजगरासारख्या राक्षसी प्राण्याने गिळलं आणि ती त्याचं पोट फाडून सुखरूप बाहेर आली. म्हणून ती बाळंतिणींची रक्षणकर्ती झाली. मध्ययुगात फ्रान्समधल्या बायका कळा सुरू झाल्या की तिच्या चरित्राची पोथी पोटावर ठेवून घ्यायच्या. पॅरिसच्या सँ-जेर्मँ-दे-प्रे मठात तिचा म्हणून एक कमरपट्टा जपलेला होता, अवघडलेल्या बायका त्यासाठी तिथे जायच्या. जान दार्कने, म्हणजे आपण जिला जोन ऑफ आर्क म्हणतो तिने, आपल्याला जे दैवी आवाज ऐकू येतात म्हणून सांगितलं, त्यांतलाही एक हिचा. तुझी आई हे ऐकून काय म्हणेल मला माहीत आहे. म्हणेल, 'म्हणजे आपली सटवाई.' अगदी तशीच नाही, पण आईला जवळची वाटेल इतकी नक्की.

शिवाय भगिनी निवेदितांचं जन्मनाव मार्गारेट होतं, हे आईच्या पिढीला शाळेत शिकवलेलं आहे. आणि गोव्यात मार्गारिडा नावाची बाई भेटली तर तिला कुणी परदेशी म्हणत नाही. म्हणजे हे नाव आपल्या अंगणात आधीच येऊन गेलेलं आहे, दोन वेगळ्या दारांनी.

झालं. तू विचारलंस त्याचं उत्तर इथे संपलं. नाव अर्थाने सुंदर, वंशावळ भारी, उच्चार दोन्ही घरांना जमण्यासारखा. तरीही 'मग ठेव' असं मी म्हणत नाही, कारण तुझ्या पत्रातलं एक वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही. तीन नावं 'छान आहेत' म्हणून बाजूला पडली. ते तू एका ओळीत लिहून लगेच गाईच्या विनोदाकडे वळलीस.

मला एक सांग. मार्गरीतऐवजी नवऱ्याने अंत्यविधीच्या दिवशी 'मीरा ठेवायचं' असं परस्पर जाहीर केलं असतं, तर तुला चाललं असतं का? मला नाही वाटत. तुझ्याच यादीतलं नाव असूनही कुठेतरी टोचलं असतं. नाव फ्रेंच आहे म्हणून तू अडलेली नाहीस. ते ठरताना तू खोलीत होतीस आणि तुला कुणी विचारलं नाही, म्हणून अडली आहेस. आणि आजी नुकतीच गेलेली, त्याचे डोळे भरलेले, अशा वेळी 'मला विचार' म्हणणं तुला हलकेपणाचं वाटलं. त्या दिवशी ते योग्यच होतं. पण त्याला वर्ष होत आलं, आणि त्या दिवशीचं तुझं गप्प राहणं त्या घरात होकार म्हणून वापरलं जातंय.

माझ्या थोरलीचं नाव सासूबाईंनी ठेवलं. मी अजून हॉस्पिटलात होते, त्या घरी जाऊन सगळ्यांना सांगूनही मोकळ्या झाल्या. नाव चांगलं होतं, अर्थ चांगला, आजही लोक म्हणतात किती छान नाव. पण पहिली तीन-चार वर्षं मी तिला 'बाळ' म्हणत होते. तोंडातच येईना. सासूबाईंवर राग होता असंही नाही, फक्त ते नाव उचलताना हातात दुसऱ्याची वस्तू आल्यासारखं वाटायचं. पोर शाळेत गेली, बाईंनी हजेरीत नाव घेतलं आणि तिने 'हजर' म्हटलं, तेव्हा कुठे ते तिचं झालं आणि मग माझंही. चार वर्षं गेली त्यात. हे तुझ्या बाबतीत होऊ नये एवढंच मला वाटतं. मार्गरीत की मीरा यात मला फारसा रस नाही.

तू गृहीत धरलेल्या दोन गोष्टी मला खटकतात. एक, त्याचं नाव पहिलं लागलं नाही तर आजीचा अपमान होईल. दुसरी, मार्गरीत लागलं की तुझी बाजू संपली, मुलगी त्यांची झाली.

पहिलीचं उत्तर फ्रेंच रिवाजातच आहे. फ्रान्समध्ये मुलाला एकच नाव क्वचित असतं. दोन-तीन 'प्रेनों' असतात, आणि आजी-आजोबांची, पणजी-पणजोबांची नावं परंपरेने दुसऱ्या-तिसऱ्या जागी जातात. नवऱ्याचा जन्मदाखला काढून बघ. त्याच्याही नावामागे एखादे आजोबा किंवा काका शांतपणे बसलेले असतील, आणि त्यामुळे त्या आजोबांचा अपमान झाला असं त्यांच्या घरात कुणालाही वाटलेलं नसणार. दुसरी जागा म्हणजे मागची बाक नव्हे, घरच्यांचीच जागा आहे ती. त्यातही तिथल्या नागरी संहितेत सोय आहे की जन्मदाखल्यावर लिहिलेल्या नावांपैकी कुठलंही नाव माणूस रोजच्या वापरासाठी निवडू शकतो. उद्या तुझी मुलगी अठरा वर्षांची होऊन दुसरंच नाव पुढे करेल, तुम्ही दोघं कितीही भांडलात तरी.

दुसरीचं उत्तर आपल्या रिवाजात आहे, आणि मला यात फार मजा वाटते. बारशाला बाळाच्या कानात नाव कोण सांगतं? आत्या. नाव ठेवायचा मान वडिलांच्या बहिणीचा. तुझ्या मुलीची आत्या ल्योंचीच असणार ना? म्हणजे आईच्या हट्टाप्रमाणे, बाराव्या दिवशी, पाळणा सजवून, शास्त्रशुद्ध बारसं केलंस तरी 'कुर्र' करून नाव सांगणार ती एक फ्रेंच बाईच. रीत पाळली तरी पोरगी फ्रेंच हातांतूनच पाळण्यात जायची. मग ती गेली कुठे त्यांच्याकडे आणि आली कुठे आपल्याकडे? आपल्याकडेही एका बाळाला पाळण्यातलं एक, राशीचं एक, व्यवहारातलं एक अशी नावं असायचीच. फ्रेंच दाखल्यातल्या स्वल्पविरामांनी तोडलेल्या तीन नावांत आणि आपल्या या तीन नावांत मला तरी फरक दिसत नाही.

आता कामाचं. पाच दिवसांचा नियम खराच आहे. जन्म झालेल्या गावाच्या मेरीत, म्हणजे तिथल्या पालिकेत, पाच दिवसांच्या आत नोंद करावी लागते. जन्माचा दिवस त्यात धरत नाहीत आणि शेवटचा दिवस सुट्टीचा आला तर पुढच्या कामाच्या दिवसापर्यंत मुदत जाते. आपल्याकडे पाचवीला पूजेपाशी कोरा कागद आणि लेखणी ठेवतात, सटवाईने येऊन नशीब लिहावं म्हणून. तिकडे त्याच पाच दिवसांत कारकून लिहितो. फरक एवढाच की सटवाईचं कुणाला वाचता येत नाही, कारकुनाचं जन्मभर वाचावं लागतं.

आणि मेरीत जाणार कोण? बहुतेक बाप जातो. तू टाके सांभाळत खाटेवर, तो खिडकीपाशी, हातात अर्ज. म्हणून नावं, त्यांचा क्रम आणि स्पेलिंग एका कागदावर, दोघांच्या सहीने, आठव्या महिन्यात लिहून दवाखान्याच्या पिशवीत ठेव. हा अविश्वास नाही. दोन रात्री न झोपलेला बाप काय वाटेल ते लिहून येऊ शकतो, तोही आजीच्या आठवणीने भरून आलेला.

कायद्याची अडचण येईल ही भीती काढून टाक. १८०३ च्या कायद्याने फ्रान्समध्ये संतांच्या दिनदर्शिकेतली किंवा प्राचीन इतिहासातलीच नावं चालायची. ब्रिटनी या फ्रान्सच्या पश्चिमेकडच्या प्रांतातल्या एका कुटुंबाने आपल्या मुलांच्या ब्रेतों, म्हणजे तिथल्या स्थानिक भाषेतल्या, नावांसाठी वर्षानुवर्षं सरकारशी झगडा केला. नवऱ्याच्या आजीचं नावही त्याच चौकटीतून आलेलं. १९९३ पासून आईवडील मोकळे आहेत. नाव बाळाच्या हिताविरुद्ध आहे असं अधिकाऱ्याला वाटलं तरच ते प्रकरण सरकारी वकिलाकडे आणि तिथून न्यायालयात जातं. व्हॅलाँसिएनच्या न्यायालयाने एका मुलीचं 'नुटेला' हे नाव काढून 'एला' केलं, ते असं. मीरा, लीला, तारा यांना कुणी हात लावणार नाही.

मात्र मराठी नाव निवडताना ते फ्रेंच जिभेवर एकदा फिरवून बघ. तिथे 'ह' ऐकू येत नाही, म्हणून हेमाची एमा होते. 'च' रोमन लिपीत नेहमीसारखा लिहिलास तर चारूची शारू होते. मंजिरी आपण लिहितो तशी लिहिलीस तर 'मॉंझिरी' ऐकू येईल. तिला ज च्या आधी एक डी घालून लिहावं लागेल. तुझी तिन्ही नावं या चाचणीत पास आहेत. लीला तर त्यांच्या लिलाक फुलाच्या, 'लिला'च्या, इतकी जवळ आहे की सासरच्यांना ते आपलंच नाव वाटेल.

आईसाठी एक गंमत: फ्रेंच जन्मदाखल्यात जन्माची वेळही लिहिलेली असते. पत्रिकेला आणखी काय लागतं? वेळ कळल्यावर नावरसाचं अक्षर काढायला गुरुजींना अर्धा तास पुरतो. तिसरं नाव आईने सुचवायचं, तिसऱ्या दिवसापर्यंत, फोनवर, असं आत्ताच सांगून टाक. त्यांना अधिकार हवा आहे, बारावा दिवस नाही. बारसं मागाहून, त्यांचा व्हिसा होईल तेव्हा, थाटात करा.

नवऱ्याशी काय बोलशील? गाय काढू नकोस. अर्थ काढू नकोस. आईचं तर मुळीच काढू नकोस, नाहीतर तो साताऱ्याविरुद्ध ल्यों असा सामना होईल आणि तू मधे पंच. एवढंच म्हण: 'मला आजीबद्दल सांग. हे नाव तिला कुणी ठेवलं होतं? तिला आवडायचं का? घरात तिला काय हाक मारायचे?' तो बोलेल. पूर्ण नावाने त्या पिढीला क्वचितच कुणी हाक मारायचं. मार्गो, मागी, गीत असलं काहीतरी निघेल. कदाचित असंही निघेल की आजीला स्वतःचं नाव अजिबात आवडत नव्हतं, असंही पुष्कळ घरांत असतं. मग दुसऱ्या दिवशी, रडारड ओसरल्यावर, तुझं वाक्य: 'तू हे नाव ठरवलंस तेव्हा मी गप्प बसले, कारण तू दुःखात होतास. मला ते नाव नकोय असं नाही. मला ते तुझ्याबरोबर ठरवायचंय, पहिल्यापासून.' फ्रेंचमध्ये म्हण. ही वाक्यं माणसाने आपल्या भाषेत ऐकलेली बरी असतात.

नंतर दोघांनी एक करा. एक आठवडा पोटातल्या बाळाला मार्गरीत म्हणा, पुढचा आठवडा लीला किंवा जे ठरेल ते. स्वयंपाकघरातून हाक मारा, जिन्यातून मारा, रागावून मारा. आडनाव लावून मारा. साताऱ्याच्या आजीला फोन लावून तिलाही हाक मारायला लावा. आणि मार्गोची शक्यता टाकून देऊ नका: जन्मदाखल्यावर मार्गरीत, घरात मार्गो. तिकडच्या शाळांत मार्गो बऱ्याच भेटतात, गाईचा वास कुणालाही येत नाही, आणि पणजीचं नावही राहतं.

तू माझं मत विचारशीलच, तर माझा कल असा. त्या दोन आठवड्यांत 'मार्गरीत' तुझ्या तोंडून आपसूक निघालं, तर पहिल्या जागी ते ठेव आणि मागे तुझं नाव, मग आईचं. सुंदर नाव आहे, मी तर लगेच ठेवलं असतं. पण तुझी जीभ 'बाळ' वर अडकत राहिली, तर पहिल्या जागेला नाही म्हण, स्पष्ट आणि आठव्या महिन्यातच, आणि मार्गरीत दुसऱ्या जागी मानाने बसव. 'नंतर बदलता येईल' या भरवशावर राहू नकोस. २०१६ पासून नाव बदलणं पालिकेतच होतं हे खरं, पण त्यालाही सबळ कारण द्यावं लागतं, आणि तोवर ओसीआय कार्डापासून, म्हणजे परदेशस्थ भारतीयांच्या ओळखपत्रापासून, लसीकरणाच्या वहीपर्यंत सगळीकडे एकच स्पेलिंग गेलेलं असतं.

दुसऱ्या देशांतून अशीच पत्रं लिहिणाऱ्या मुलींनो, एक तुमच्यासाठी: फ्रान्सचे हे नियम तुमच्याकडे लावू नका. डेन्मार्क आणि पोर्तुगालमध्ये मान्य नावांच्या याद्या असतात, मुदती प्रत्येक देशात वेगळ्या. सहाव्या महिन्यात स्थानिक कार्यालयात जाऊन विचारा, नातेवाइकांच्या ग्रुपवर नको.

आणि तू, नणंदेला आत्तापासून 'कुर्र' शिकवायला घे. तिचा र घशातून येईल, तो कितीही शिकवलास तरी बदलणार नाही; सव्वीस वर्षं उलट दिशेने प्रयत्न करून मला ठाऊक आहे. बाळाच्या कानाला गुदगुल्या होतील, एवढंच.

तुझी,
ताई